रकान्यातले नाव आणि वारसाचा हक्क

घरातील कर्ता माणूस गेल्यानंतरचे पहिले तेरा दिवस दुःखाचे आणि येणाऱ्या-जाणाऱ्यांचे असतात. चौदाव्या दिवशी कपाट उघडले जाते. आयुर्विम्याची पॉलिसी, भविष्यनिर्वाह निधीचा उतारा, मुदतठेवींच्या पावत्या, सोसायटीचे भागपत्र, पोस्टातील बचतपत्रे असा कागदांचा गठ्ठा बाहेर येतो आणि प्रत्येक कागदावर एका ठराविक जागी कोणाचे नाव आहे, ते पाहिले जाते. ज्याचे नाव तेथे सापडते त्याला वाटते की, आता हे सारे आपले. ज्याचे नाव नसते त्याला वाटते की, गेलेल्या माणसाने आपल्याला वाऱ्यावर सोडले. बहुतेक वेळा या दोन्ही समजुती चुकीच्या असतात. पण त्या चुकीच्या आहेत हे न्यायालयाकडून कळेपर्यंत घरात दोन चुली झालेल्या असतात आणि एकाच माणसासाठी रडलेल्या दोन माणसांचे एकमेकांशी बोलणे थांबलेले असते.

अर्जाच्या शेवटी असलेला नामनिर्देशनाचा हा रकाना भरताना सहसा कोणी फारसा विचार करीत नाही. विमा प्रतिनिधी विचारतो, 'नाव कोणाचे घालू?' लग्न व्हायचे असेल तर आईचे, झाले असेल तर पत्नीचे नाव सांगितले जाते; प्रतिनिधी ते लिहितो आणि खाली सही होते. नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात कचेरीतील कारकून चार-पाच कागद पुढे करतो. त्यांत भविष्यनिर्वाह निधीचाही कागद असतो आणि उपदानाचाही. त्यानंतर तीस-तीस वर्षे त्या कागदांकडे कोणी पाहात नाही. मधल्या काळात लग्न, मुले, आईवडिलांचे म्हातारपण, घर, कर्ज असे सारे होऊन जाते. रकान्यातले नाव मात्र जेथल्या तेथे राहते. आयुष्यभराच्या कमाईचा निकाल ज्या नावावर लागणार असे लोक समजतात, ते नाव आयुष्यातल्या एका घाईच्या क्षणी लिहिलेले असते.

कायदा काय म्हणतो, हे या पार्श्वभूमीवर समजून घेतले पाहिजे. नामनिर्देशित व्यक्ती, म्हणजे बोलीभाषेतला 'नॉमिनी', ही सर्वसाधारणपणे पैसे स्वीकारणारी व्यक्ती असते. त्या पैशांची मालकी तिचीच असेल असे नाही. पूर्वी मुंबईच्या गिरणीत काम करणाऱ्या चाकरमान्याची मनिऑर्डर कोकणातल्या घरी जाई, तेव्हा पोस्टमन ती घरातल्या एका माणसाच्या हाती देई आणि पोचपावतीवर त्याची सही किंवा अंगठा घेई. त्यामुळे पोस्ट खाते मोकळे होई. पण ते पैसे एकट्या त्या माणसाचे होत नसत, घराचे असत. नामनिर्देशनाचे मूळ तत्त्व याहून फारसे वेगळे नाही. विमा कंपनीने वा बँकेने एका माणसाच्या हाती रक्कम द्यावी आणि आपल्या जबाबदारीतून मुक्त व्हावे. पुढे ती रक्कम मृत्युपत्राप्रमाणे, अथवा मृत्युपत्र नसेल तर वारसा कायद्याप्रमाणे, ज्याची त्याला मिळावी.

सासू-सुनेचे दोन दावे

हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे स्पष्टपणे आला तो एका साध्या घरगुती कज्ज्यातून. १९६७ साली एक गृहस्थ मृत्युपत्र न करता वारले. त्यांच्या आयुर्विम्याच्या प्रत्येकी दहा हजार रुपयांच्या दोन पॉलिसी होत्या आणि त्यांवर पत्नीचे नाव होते. मागे आई, पत्नी आणि मुलगा असे वारस राहिले. आईचे म्हणणे असे की, सुनेचे नाव कागदावर असले तरी या रकमेत आपलाही हिस्सा आहे. सुनेचे म्हणणे असे की, नाव माझे आहे म्हणून रक्कम माझी आहे. तिच्या बाजूने दिल्ली उच्च न्यायालयाचे १९७८ आणि १९८२ सालचे दोन निर्णयही होते. अखेर ६ डिसेंबर १९८३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. १९३८ च्या विमा कायद्यातील ३९ व्या कलमाखालील नामनिर्देशन हे केवळ रक्कम कोणाच्या हाती द्यावयाची हे दाखविते. वारसांचा त्या रकमेवरील हक्क त्यामुळे नाहीसा होत नाही, असे न्यायालयाने सांगितले. वीस हजार रुपयांच्या वाटणीचा प्रश्न सुटण्यास सोळा वर्षे लागली.

निकाल स्वच्छ होता आणि त्यानंतर या विषयावर वाद उरावयास नको होता. प्रत्यक्षात काय झाले? २०२५ साली कर्नाटक उच्च न्यायालयापुढे जवळजवळ हाच कज्जा उलट्या अंगाने आला. एका तरुणाने लग्नापूर्वी विमा उतरविला होता आणि आईचे नाव दिले होते. पुढे लग्न झाले, मूल झाले. पॉलिसीवरचे नाव बदलावयाचे राहून गेले. २०१९ साली तो वारला. या वेळी नाव सासूचे होते आणि हिस्सा मागणारी सून होती. न्यायालयाने आई, पत्नी आणि मूल यांना प्रत्येकी एक तृतीयांश रक्कम दिली. १९८३ च्या निकालापासून चाळीस वर्षांहून अधिक काळ लोटला, देशात विमा कंपन्यांची संख्या वाढली, कायद्यात दुरुस्ती झाली. पण सासू आणि सून न्यायालयाच्या त्याच पायरीवर उभ्या होत्या.

या दोन्ही दाव्यांत लोभी कोण होते, हा प्रश्न विचारण्यात अर्थ नाही. हिंदू वारसा कायद्याने १९५६ पासून विधवा, मुलगे, मुली आणि आई यांना पहिल्या वर्गातील वारस म्हणून बरोबरीचा वाटा दिला आहे. (वडील त्या वर्गात नाहीत, हे किती घरांना ठाऊक असते?) म्हणजे आईचा हिस्सा कायद्यानेच तिचा होता आणि पत्नीचाही. दोघींनाही वेगळे सांगितले ते त्या कागदाने. ज्या कागदाने घर सावरावे, तोच कागद घरातल्या दोन निराधार स्त्रियांना एकमेकींच्या विरुद्ध उभे करीत असेल, तर दोष त्या स्त्रियांच्या स्वभावात शोधण्याऐवजी कागदाच्या रचनेत शोधावा लागेल.

तरतूद कोणाच्या सोयीची?

नामनिर्देशनाची तरतूद निरुपयोगी आहे असे कोणी म्हणणार नाही. घरातील मिळवता माणूस गेला की दुसऱ्या महिन्यापासून घरभाडे, दूध, मुलांची फी यांचा प्रश्न उभा राहतो. नाव लिहिलेले नसेल तर न्यायालयाकडून वारसा प्रमाणपत्र आणा, हमीपत्र द्या, जामीनदार उभे करा अशा चकरा सुरू होतात. नाव लिहिलेले असेल तर रक्कम लवकर हाती येते. बँकांमधील ज्या ठेवींना दहा वर्षे कोणी हात लावलेला नाही, त्या रिझर्व्ह बँकेच्या ठेवीदार शिक्षण व जागृती निधीत जमा होतात. मार्च २०२४ अखेर या निधीत ७८,२१३ कोटी रुपये साठलेले होते. ती सारीच रक्कम नाव न लिहिल्यामुळे पडून आहे असे नव्हे. तरीसुद्धा घरच्यांना ठाऊकच नसलेल्या खात्यांचे आणि दावाच न झालेल्या ठेवींचे प्रमाण या आकड्यावरून लक्षात यावे. तेव्हा प्रत्येक कागदावर नाव असलेच पाहिजे, याबद्दल दुमत नाही.

परंतु ही सोय मुळात संस्थेसाठी आहे, ही गोष्ट नागरिकाला कोणी सांगत नाही. नामनिर्देशिताला पैसे दिले की विमा कंपनी सुटली, बँक सुटली, सोसायटी सुटली. मागाहून कोणी वारस आला तर त्याने त्या व्यक्तीशी भांडावे. जो कागद संस्थेला वादातून सोडविण्यासाठी तयार झाला, तो कुटुंबालाही वादातून सोडवील अशी भाबडी अपेक्षा लोक बाळगतात, आणि संस्था ती अपेक्षा दूर करण्याच्या भानगडीत पडत नाहीत.

कायद्याची भाषाही या गैरसमजाला खतपाणी घालते. १९८३ साली बँकिंग कायद्यात दुरुस्ती होऊन ठेवींवर नाव देण्याची सोय झाली. ठेवीदाराच्या मृत्यूनंतर ठेवीसंबंधीचे सर्व अधिकार, इतर सर्वांना वगळून, नामनिर्देशिताला मिळतील, अशा अर्थाचे शब्द त्या कलमात आहेत. 'इतर सर्वांना वगळून' हे शब्द वाचणाऱ्या सामान्य माणसाने काय समजावे? सर्वोच्च न्यायालयाला २०१० साली सांगावे लागले की, हे वगळणे बँकेच्या व्यवहारापुरते आहे. ठेवीची मालकी वारसा कायद्यानेच ठरेल. १ नोव्हेंबर २०२५ पासून ठेवींवर एकाऐवजी चार नावे देता येतात, त्यांचे हिस्सेही लिहिता येतात. सुधारणा चांगली आहे. पण एका नावाने होणारा गैरसमज चार नावांनी चौपट होऊ नये, याची काळजी घेणारा शब्द तिच्यात नाही. हिस्सा लिहिला म्हणजे वाटणी झाली, असे चौघांनाही वाटणार.

कंपन्यांच्या शेअरांच्या बाबतीत तर न्यायालयेच काही काळ दोन बोली बोलली. १९९९ साली कंपनी कायद्यात नामनिर्देशनाची तरतूद आली. तिच्या आधारे २०१० साली मुंबई उच्च न्यायालयाच्या एका न्यायमूर्तींनी नामनिर्देशित व्यक्ती शेअरांची मालक होते असे म्हटले. २०१५ साली त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या न्यायमूर्तींनी ते अमान्य केले. २०१६ साली खंडपीठाने दुसऱ्या मताला दुजोरा दिला आणि १४ डिसेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केले. मृत्युपत्र आणि वारसा कायदा या दोन वाटांखेरीज नामनिर्देशन ही वारसाहक्काची तिसरी वाट होऊ शकत नाही, हा त्या निकालाचा गाभा. हा कज्जा उद्भवला तो 'कालनिर्णय'चे संस्थापक जयंत साळगावकर यांच्या मिळकतीच्या प्रश्नातून. त्यांनी २०११ साली मृत्युपत्र केले होते; २०१३ साली त्यांचे निधन झाले. ज्याने मृत्युपत्र केले होते अशा व्यवहारदक्ष गृहस्थाच्या मागेही, मृत्युपत्र मोठे की गुंतवणुकीच्या कागदावरील नाव मोठे, हा प्रश्न दहा वर्षे चालला. मग ज्याने मृत्युपत्र केलेलेच नाही, त्या सामान्य पगारदाराच्या घरचे काय होत असेल?

भविष्यनिर्वाह निधीचा नियम आणखी निराळा. १९५२ च्या योजनेपासून चालत आलेली पद्धत अशी की, कामगाराला कुटुंब असेल तर कुटुंबाबाहेरच्या माणसाचे नाव देताच येत नाही. आणि कुटुंब नसताना कोणाचे नाव दिले असेल तर पुढे कुटुंब झाल्याबरोबर ते नामनिर्देशन आपोआप रद्द ठरते. लग्नापूर्वी थोरल्या भावाचे किंवा जिवलग मित्राचे नाव देणाऱ्या किती कामगारांना हे ठाऊक असते? सरकारी नोकरांच्या भविष्यनिर्वाह निधीच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२५ च्या डिसेंबरात हेच तत्त्व लावले. तेथेही लग्नापूर्वी आईचे नाव होते, तेथेही ते बदलावयाचे राहिले होते आणि तेथेही न्यायालयाला ती रक्कम आई आणि पत्नी यांच्यात सारखी वाटून द्यावी लागली.

सहकारी गृहनिर्माण संस्थांच्या बाबतीत मात्र महाराष्ट्राच्या विधिमंडळाने एक शहाणपणाचे पाऊल टाकले, हे नमूद केले पाहिजे. मुंबई-पुण्याच्या मध्यमवर्गीयाची सर्वांत मोठी मिळकत म्हणजे त्याचा ब्लॉक. सोसायटीच्या दप्तरी ज्याचे नाव लागले तो ब्लॉकचा मालक झाला, या समजुतीने भाऊ-भाऊ आणि भाऊ-बहीण यांच्यात जेवढी वितुष्टे आली तेवढी शेताच्या बांधावरूनही आली नसतील. २०१९ च्या दुरुस्तीने कायद्यात असे म्हटले आहे की, खरे वारस सभासद म्हणून दाखल होईपर्यंत नामनिर्देशित व्यक्ती ही तात्पुरती सभासद राहील. 'तात्पुरती' या एका शब्दाने जे काम केले, ते बँक आणि कंपनी कायद्यांतील लांबलचक कलमांना जमले नाही.

बाईची कमाई, नवऱ्याचे वारस

स्त्रियांच्या बाबतीत हा प्रश्न अधिकच कठोर रूप घेतो. हिंदू वारसा कायद्याच्या पंधराव्या कलमाप्रमाणे स्त्री मृत्युपत्राविना वारली, तर तिची स्वतःची कमाई प्रथम मुले आणि पती यांच्याकडे जाते. ते कोणीच नसतील तर पतीच्या वारसांकडे; आणि तेही नसतील तर तिच्या आईवडिलांकडे. आईवडिलांकडून वारसाने आलेली मिळकत माहेरी परत जाते. पण स्वतःच्या श्रमाने मिळविलेल्या पैशाला ती सवलत नाही.

हा नियम प्रत्यक्षात कसा चालतो, ते सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ सालच्या एका निकालात दिसते. एका मुलीचे १९५५ साली लग्न झाले. तीन महिन्यांत पती सर्पदंशाने गेला आणि सासरच्यांनी तिला घराबाहेर काढले. आईवडिलांनी तिला शिकविले. ती नोकरीला लागली. आयुष्यभर माहेरीच राहिली. १९९६ साली ती वारली, तेव्हा बँकांतील ठेवी आणि भविष्यनिर्वाह निधी अशी चांगली रक्कम मागे राहिली. मृत्युपत्र नव्हते. तिच्या आईने हक्क सांगितला आणि तिच्या मृत पतीच्या बहिणीच्या मुलांनीही सांगितला. सासरच्या लोकांनी तिच्यासाठी काही केले नाही ही वस्तुस्थिती न्यायालयाने मानली. पण सहानुभूतीने कायदा बदलत नाही, असे सांगून सारी रक्कम पतीच्या वारसांना दिली. ज्या घराने तिला उंबरठ्याबाहेर काढले, त्या घराच्या पुढच्या पिढीला तिच्या नोकरीची पुंजी मिळाली.

या प्रसंगी तिने भविष्यनिर्वाह निधीच्या कागदावर आईचे नाव लिहिले असते, तरी कायद्याच्या चौकटीत आईला पैसे उचलता आले असते इतकेच. ते ठेवून घेण्याचा हक्क मृत्युपत्रानेच मिळाला असता. दोन साक्षीदारांच्या सह्यांचा एक कागद, आणि निकाल उलटा झाला असता. २०२५ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने, विशेषतः हिंदू स्त्रियांनी मृत्युपत्र करून ठेवावे, असे जे आवाहन केले ते याच कलमाच्या संदर्भात. न्यायालयाने आवाहन करावे आणि कलम तसेच राहावे, ही स्थिती संसदेला भूषणावह नाही. आज नोकरी करणाऱ्या, एकट्या राहणाऱ्या, आईवडिलांना सांभाळणाऱ्या स्त्रियांची संख्या १९५६ च्या मानाने कितीतरी वाढली आहे, आणि वारसांचा क्रम मात्र त्याच वर्षीचा आहे.

रकान्यालाच मृत्युपत्र मानावे काय?

यावर एक सरळ तोडगा सुचविला जातो. ज्याचे नाव त्याची रक्कम, असे कायद्यानेच ठरवून टाकावे. म्हणजे कज्जे संपतील. माणसाने आपल्या हाताने नाव लिहिले, तीच त्याची इच्छा. कायद्याने ती का डावलावी? हा युक्तिवाद वरवर पटण्यासारखा आहे. विमा कायद्यात २०१५ साली झालेली दुरुस्ती काहीशी याच दिशेची होती. आईवडील, पती वा पत्नी, मुले यांपैकी कोणाचे नाव असेल तर ती व्यक्ती लाभाच्या हक्काने रकमेस पात्र राहील, असे तीत म्हटले आहे. पण या शब्दांनी वारसा कायदा बाजूला सरतो काय? कर्नाटक उच्च न्यायालयाने तो सरत नाही असे उत्तर दिले: दुसरा वारस हक्क सांगावयास आला नाही तर रक्कम नामनिर्देशिताची; आला तर वारसा कायदा लागू. म्हणजे दुरुस्ती होऊनही प्रश्न जेथल्या तेथेच राहिला.

आणि तसा राहिला नसता तर अनर्थ झाला असता. मृत्युपत्राला १९२५ च्या भारतीय वारसा कायद्याने दोन साक्षीदार लागतात. माणूस शुद्धीवर होता, कोणाच्या दडपणाखाली नव्हता, आपण काय करीत आहोत हे त्याला समजत होते, याची ती खूण असते. नामनिर्देशन होते ते प्रतिनिधीच्या पिशवीतल्या छापील अर्जावर किंवा कारकुनाच्या टेबलाशी. तेवढ्याने जर म्हातारी आई किंवा अज्ञान मूल हक्काला मुकणार असेल, तर विसराळूपणाची शिक्षा ती करणाऱ्याला न होता मागे राहिलेल्यांना होईल. शिवाय मिळकत हवी त्याला देण्याचे स्वातंत्र्य सर्वांना सारखे नाही. गोव्यातील दिवाणी कायद्याप्रमाणे वारसांचा अर्धा हिस्सा राखीव असतो आणि उरलेल्या अर्ध्याचीच मृत्युपत्राने व्यवस्था लावता येते. मुस्लिम कायद्यात वारसांच्या संमतीवाचून एक तृतीयांशाहून अधिक मिळकत मृत्युपत्राने देता येत नाही. जे मृत्युपत्राने करता येत नाही, ते एका रकान्याने करता यावे काय?

विधी आयोगाने २००४ सालच्या आपल्या १९० व्या अहवालात याला व्यवहार्य उत्तर दिले होते. नामनिर्देशित दोन प्रकारचे असावेत: एक वसुलीपुरता, दुसरा लाभाचा मालक, आणि आपल्याला कोणता अभिप्रेत आहे, हे पॉलिसीधारकानेच स्पष्ट करावे. २०१५ च्या दुरुस्तीने यातला स्पष्टपणा बाजूला ठेवला आणि लाभाचा शब्द तेवढा उचलला. त्यामुळे लिहिणाऱ्याच्या मनात काय होते हे शोधण्याचे काम पुन्हा न्यायालयाकडे आले. गेलेल्या माणसाच्या मनाचा शोध घेण्याइतके खर्चिक आणि निष्फळ काम दुसरे नसेल.

तीन गोष्टी करण्यासारख्या

तेव्हा पहिली गोष्ट संसदेने करावयाची आहे. विमा, बँक, भविष्यनिर्वाह निधी, बचतपत्रे, शेअर या प्रत्येकाच्या कायद्यात नामनिर्देशनाचा वेगळा अर्थ लावावा लागतो, ही स्थिती संपली पाहिजे. सर्वांना लागू होणारे एकच तत्त्व असावे: नामनिर्देशित व्यक्ती वसुलीपुरती विश्वस्त राहील. रक्कम त्याच व्यक्तीच्या मालकीची व्हावी अशी इच्छा असेल, तर तसे वेगळ्या रकान्यात, मृत्युपत्राप्रमाणे दोन साक्षीदारांसमोर लिहावे. आणि व्यक्तिगत कायद्याच्या मर्यादा त्याला लागू राहाव्यात. स्त्रियांच्या वारसांचा क्रम बदलण्याचे कामही याच वेळी करता येईल.

दुसरी गोष्ट संस्थांनी करावयाची आहे आणि तिला कायद्याच्या दुरुस्तीची वाट पाहण्याची गरज नाही. नामनिर्देशनाच्या रकान्याखाली, नागरिकाला समजेल अशा मराठीत, ठळक अक्षरांत एवढेच छापावे की, 'येथे नाव लिहिलेल्या व्यक्तीला रक्कम स्वीकारता येईल. रकमेची मालकी मृत्युपत्राने किंवा वारसा कायद्याने ठरेल.' विम्याच्या जाहिरातींवर होणाऱ्या खर्चाच्या मानाने या दोन ओळींचा खर्च काहीच नाही. हप्त्याची आठवण करून देणाऱ्या संस्थांना दर पाच वर्षांनी नावाचीही आठवण करून देता येईल. ग्राहकाचा पत्ता बदलला की नवा पुरावा मागणाऱ्या बँकेला, त्याचे लग्न झाले की नाव बदलावयाचे आहे काय, एवढे विचारणे जड जाऊ नये.

तिसरी गोष्ट नागरिकाची स्वतःची आहे आणि ती सर्वांत अवघड आहे, कारण तिच्या आड कायदा येत नाही, मन येते. मृत्युपत्र हा शब्दच आपल्या घरांत अशुभ मानला जातो. तो विषय वडिलांनी काढला तर मुले 'असे कसे बोलता' म्हणून गप्प करतात. मुलांनी काढला तर वडिलांना त्यांच्या डोळ्यांत लोभ दिसतो. वास्तविक मृत्युपत्राइतका साधा दस्तऐवज दुसरा नाही. त्याला स्टँप लागत नाही. नोंदणी केली तर उत्तम, पण ती सक्तीची नाही. साध्या कागदावर लिहून दोन साक्षीदारांसमोर सही करावी आणि साक्षीदारांनीही सह्या कराव्यात. मन बदलले तर नवे करावे. शेवटचे ते खरे. ज्यांना केवळ पत्नी-मुलांसाठीच विम्याची रक्कम राखून ठेवावयाची असेल, त्यांच्यासाठी १८७४ च्या विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेच्या कायद्यातील सहावे कलम आहे. पॉलिसी घेतानाच त्या कलमाखाली तसे लिहून दिले, तर ती रक्कम पत्नी-मुलांसाठी विश्वस्त निधी बनते. ती मृताच्या मिळकतीत धरली जात नाही आणि सावकारालाही तिला हात लावता येत नाही. हिंदू कुटुंबांना हे कलम देशभर लागू होऊन शंभर वर्षे उलटली, तरी विमा उतरविताना त्याचे नाव फारसे कोणी काढीत नाही.

एवढे होईपर्यंत निदान आज घरोघरी एक काम होऊ शकते. दिवाळीपूर्वी कपाट आवरताना कागदांचा तो गठ्ठा एकदा सर्वांसमक्ष उघडावा. प्रत्येक रकान्यातले नाव वाचावे. जे जुने झाले असेल ते बदलावे आणि कोणाला काय मिळावे हे स्वतंत्र कागदावर लिहावे. त्या संध्याकाळी घरात थोडी अवघड शांतता पसरेल. परंतु ती शांतता चौदाव्या दिवशी सुरू होणाऱ्या आणि सोळा वर्षे चालणाऱ्या कज्ज्यापेक्षा बरी. आयुष्यभर पोटाला चिमटा घेऊन जमविलेली पुंजी ज्यांच्यासाठी जमविली त्यांच्यातच वैर लावून जात असेल, तर ती जमविणाऱ्याच्या कष्टांचे चीज झाले असे म्हणता येणार नाही.